शंभर जणांना पुरेल एवढी पूड

अर्विंग, टेक्सस
२८ सप्टेंबर २००१

ती. मावशी,

फोनवर तुला नीट ऐकू येत नाही आणि ओरडून बोलले तर या पातळ भिंतींतून चार घरं ऐकतात. त्यात मराठीतून ओरडायचं म्हणजे सध्या नकोच. म्हणून पत्र.

आम्ही ठीक आहोत. प्रसादने दाढी काढली. ग्रोसरीच्या पार्किंग लॉटमध्ये एक माणूस गाडीची काच खाली करून त्याला काहीतरी बोलला. काय बोलला ते प्रसादने मला सांगितलं नाही, घरी आला आणि सरळ बाथरूममध्ये गेला. दहा वर्षांची दाढी. आता जिन्यात दिसला की मला क्षणभर कोणीतरी परकाच वाटतो. गाडीला त्याने झेंड्याचा स्टिकरही लावलाय. ऑफिसात लेऑफ चालू आहेत, टेलिकॉमची दशा तुला माहीत आहेच. नोकरी गेली तर व्हिसा गेला, त्यामुळे तो बोलतो कमी आणि बातम्या बघतो जास्त.

मी आपली लायब्ररीत पुस्तकं लावायला जाते, फुकट. एच-फोर व्हिसावर पगारी नोकरी चालत नाही, दुसरं काय करणार!

आता मुद्द्याचं. शेजारी लुअ‍ॅन म्हणून बाई राहतात, साठीच्या, एकट्या. त्यांच्या चर्चच्या हॉलमध्ये नोव्हेंबरात जेवण आहे, न्यूयॉर्कच्या हल्ल्यात गेलेल्या फायरमनच्या घरच्यांसाठी. इथल्या फायर स्टेशनचे लोकही येणार. लुअ‍ॅन मला म्हणाल्या, "हनी, तू काहीतरी गोड कर." मी पटकन ब्रेड पुडिंग म्हणून बसले. शंभर माणसांचं! मला दोघांचं करताना घाम फुटतो. तू पिस्कॅटवेच्या मंडळात गणपतीला करतेस ते, तुझ्या पद्धतीचं, मला नीट लिहून पाठव.

काकांना नमस्कार.

तुझी
अबोली


पिस्कॅटवे, न्यू जर्सी
६ ऑक्टोबर २००१

चि. अबोली,

आधी विचारते, मग कृती सांगते. ही लुअ‍ॅन तुला का बोलावते? दोन वर्षं शेजारी राहतेस, आतापर्यंत कधी बोलावलं होतं? सध्या सगळे एकमेकांना न्याहाळतायत. तुला घरात घेऊन, खाऊ घालून, तू कोण, कुठली, नवरा काय करतो, हे काढून घेत नसेल कशावरून? मी संशयी आहे, तुझ्या आईचंही माझ्याबद्दल हेच मत आहे. पण तीस वर्षं या देशात काढल्यावर मी एवढं शिकलेय की गोड बोलणाऱ्याला आधी दोनदा चहा पाजावा आणि मगच मनातलं सांगावं.

आता पुडिंग. सहा मोठे पाव घे, साधे पांढरे, स्लाइसचे. आदल्या दिवशी सुटे करून उघडे ठेव, कडक झाले पाहिजेत. मऊ पावाचं पुडिंग म्हणजे लापशी. दोन गॅलन दूध, चार डझन अंडी, साखरेची पाच पौंडांची एक पिशवी. दूध आधी थोडं आटव, अमेरिकन दूध पाणचट. पावाला तूप लाव, बटर नको. अ‍ॅल्युमिनियमचे आठ ट्रे लागतील आणि तुझ्या ओव्हनमध्ये एका वेळी दोनच बसतील, म्हणजे सकाळपासून लाग. ट्रेमध्ये पाव रचून वरून दूध-अंडं ओतलंस की निदान अर्धा तास मुरू दे. कडा तांबूस झाल्या आणि मध्यभागी जरा थरथरलं की काढ. पूर्ण घट्ट होईपर्यंत थांबलीस तर वाट लागली.

सोबत माझी पूड पाठवतेय. वेलदोडा आणि जायफळ साखरेत घालून एकदम बारीक दळलंय. तुमच्या दुकानातली वेलची पावडर म्हणजे भुसा असतो. ही शंभर जणांना पुरेल. जास्त टाकू नकोस, जायफळ चढतं, माणसं जागच्या जागी आडवी होतील. ट्रेमागे चिमूटभर टाक, आणि टाकल्याचं कोणाला सांगू नकोस. सगळे विचारतात काय घातलंय. आपण नुसतं हसायचं.

पाकिटावर पत्ता काकांकडून घालून घेतलाय, माझं इंग्रजी अक्षर पोस्टातल्या माणसाला लागत नाही.

मृणालिनीमावशी


अर्विंग
१७ ऑक्टोबर २००१

ती. मावशी,

परवा फोनवर मी फक्त रडले. आता सगळं लिहिते.

सोमवारी दुपारी लायब्ररीतून आले तर आमच्या कॉम्प्लेक्सच्या तोंडाशी फायर ट्रक, पोलिसांच्या दोन गाड्या. पत्रपेट्या आहेत त्या भागाला पिवळी पट्टी लावलेली. पांढरे सूट आणि तोंडावर मास्क घातलेली दोन माणसं आत खाली वाकलेली. पलीकडे लॉनवर सगळे भाडेकरू उभे होते. मी विचारलं काय झालं, तर एकजण म्हणाला, "अँथ्रॅक्स. न्यू जर्सीहून आलंय."

मावशी, ते तुझं पाकीट होतं.

पोस्टाच्या मशीनमध्ये दाबून फुटलं असणार. एक कोपरा उघडा आणि पांढरी पूड सगळीकडे. टीव्हीवर तीन दिवस हेच चाललं होतं, पाकिटातून येणारे ते जीवघेणे जंतू, न्यू जर्सीचा शिक्का, पांढरी पूड. कॉम्प्लेक्सच्या भाड्याचं बघणाऱ्या लीजिंग ऑफिसातल्या मुलीने माझ्याकडे बोट केलं आणि एक ऑफिसर मला आत घेऊन गेला. सगळ्यांच्या समोरून. मी खाली बघत चालले.

माणूस वाईट नव्हता, मुद्दाम सांगते. त्याने प्लॅस्टिकच्या पिशवीत घातलेलं तुझं पत्र टेबलावर ठेवलं आणि म्हणाला, "मॅम, कॅन यू रीड धिस फॉर मी?" मी वाचायला लागले. पाव, दूध, अंडी इथपर्यंत सगळं नीट गेलं. मग ती ओळ आली. "ही शंभर जणांना पुरेल." मी थांबले. तो म्हणाला, "गो ऑन." मी काय करू? खोटं सांगितलं आणि उद्या कोणी दुसऱ्याने वाचून दाखवलं तर? मी इंग्रजीत सांगितलं, ही पावडर शंभर लोकांसाठी आहे. त्याचं पेन थांबलं. पुढची ओळ, माणसं आडवी होतील. आणि त्याच्यापुढची, टाकल्याचं कोणाला सांगू नकोस.

मला वाटलं, माझं हे भाषांतरच आता माझ्याविरुद्ध पुरावा होणार.

दोन तास बसवलं. मग बाहेरून कोणीतरी येऊन त्याच्या कानात काही बोललं, आणि तो म्हणाला की पहिल्या तपासणीत तरी साखर दिसतेय, उरलेलं लॅबमध्ये जाईल. मग त्याने माझ्यासाठी पाणी आणलं. मी विचारलं, फोन कोणी केला होता? म्हणाला, कोणीतरी मोबाइलवरून केला, नाव न सांगता ठेवला.

प्रसाद नंतर आत आला. लॉनवरच्या लोकांत होता म्हणे, त्याला सोडत नव्हते.

मावशी, मला माहीत आहे कोणी केला. मला आत नेत होते तेव्हा लुअ‍ॅन सगळ्यांत पुढे उभ्या होत्या, हातात मोबाइल. आणि त्या दिवशी सकाळीच त्यांनी मला विचारलं होतं, "तुझ्या आन्टीचं पार्सल आलं का?" तू पत्रात सावध केलं होतंस, पण ते मला वाचायला मिळालं ऑफिसरसमोर, आणि पार्सलचं त्यांना मीच सांगून बसले होते. मी मूर्ख.

काल त्या दारावर आल्या होत्या. मी दार उघडलं नाही. पीपहोलमधून बघत राहिले, त्या बराच वेळ उभ्या होत्या.

अबोली


पिस्कॅटवे
२२ ऑक्टोबर २००१

चि. अबोली,

पोस्टकार्ड टाकतेय, लिफाफ्याची भानगडच नको. ज्याला वाचायचं त्याने वाचावं. आमच्याकडे सगळं ठीक, काही काळजी करू नकोस.

पार्सल येणार हे त्या बाईला माहीत होतं. माहीत असून फोन केला म्हणजे मुद्दाम केला. पुडिंग-बिडिंग काही करायचं नाही.

एक मात्र कळलं नाही. प्रसाद सोमवारी दुपारी घरी कसा? नोकरी शाबूत आहे ना? तुझ्यापासून काही लपवत नाही ना? नवऱ्याला सरळ विचार.

मावशी


अर्विंग
२ नोव्हेंबर २००१

ती. मावशी,

तुझं कार्ड दहा दिवसांनी पोचलं. पोस्टमनने ते हातमोजे घालून दिलं, आणि दोन्ही बाजू बघत दिलं.

त्याच्या आधी मी काय केलं ते सांगते. लुअ‍ॅननी माझ्यासाठी आठ ट्रे आणून दाराशी ठेवले होते, वर चिठ्ठी, "व्हेनेव्हर यू आर रेडी." मी ते ट्रे उचलून त्यांच्या दाराशी नेऊन ठेवले, चिठ्ठीसकट. लायब्ररीत जाताना त्या समोरून आल्या तर मी जिना बदलला. चार दिवस अशी वागले. बरं वाटत होतं, खरं सांगते. कोणीतरी एक गुन्हेगार सापडला की बाकीच्यांकडे बघायला भीती वाटत नाही.

मग तुझं कार्ड आलं. प्रसाद सोफ्यावर न्यूज लावून बसला होता. मी टीव्ही बंद केला आणि विचारलं, "त्या दिवशी तू दुपारी घरी कसा?"

"लवकर आलो होतो. आमच्या ग्रुपमधल्या तिघांना काढलं त्या दिवशी. डोकं ठिकाणावर नव्हतं."

"मग मला आत नेताना तू लॉनवरच होतास?"

त्याने रिमोट उचलला आणि परत ठेवला. मला अजून काही कळलं नव्हतं, मी नोकरीचंच विचारणार होते. पण त्याचा चेहरा बघून मी गप्प झाले, आणि मी गप्प झाले म्हणून तो बोलला.

फोन त्याने केला होता.

पत्रपेटी त्यानेच उघडली, तुझं पार्सल येणार हे मी त्याला सांगितलंच नव्हतं. हाताला पांढरं लागलं. वर न्यू जर्सीचा शिक्का, काकांचं अक्षर, त्याने ते कधी पाहिलेलं नाही. परतीचा पत्ता न वाचता पाकीट तिथेच टाकून तो धावत बाहेर आला, स्विमिंग पूलपाशी नळाखाली हात धूत राहिला आणि मोबाइलवरून ९११ फिरवला. नाव विचारल्यावर घाबरला. म्हणतो, "माझं नाव सांगून त्या सगळ्यात अडकलो असतो तर दुसऱ्या दिवशी चौथा मीच असतो." पूड तुझी होती हे त्याला मी आत गेल्यावर, लोकांच्या बोलण्यातून कळलं.

मावशी, फोनचं मला काही नाही. मीसुद्धा केला असता. हातावर विष आहे असं वाटल्यावर माणूस दुसरं काय करणार!

पण मला नेत होते तेव्हा तो गर्दीत उभा होता. मी त्याच्यासमोरून गेले. तो पुढे येऊन म्हणाला नाही की ही माझी बायको आहे. "त्याला सोडत नव्हते" हे खोटं होतं, कोणी अडवलंच नव्हतं. बिनदाढीचा, त्या लोकांमधला एक होऊन तो उभा राहिला, किती वेळ कोण जाणे. मग आत आला.

आणि नंतर मी लुअ‍ॅनचं नाव घेत राहिले, शिव्या देत राहिले, तेव्हा जेवताना मान हलवत राहिला.

मी बोलत नाहीये त्याच्याशी. स्वयंपाक करते, वाढते. तो "मीठ दे" म्हणतो, मी देते.

काय करू, सांग.

अबोली


पिस्कॅटवे
८ नोव्हेंबर २००१

चि. अबोली,

मी तुला खोटं लिहिलं. आमच्याकडे काही ठीक नव्हतं.

तुझ्याकडे झालं त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी आमच्या दारात तपासाचे दोघे आले, कोट घातलेले. पाकिटावर परतीचा पत्ता होताच. स्वयंपाकघर बघायचंय म्हणाले. मी दाखवलं. त्यांनी मिक्सरचं भांडं नेलं, रव्याचा डबा नेला, पिठीसाखर, तांदळाचं पीठ, इनोची बाटलीसुद्धा नेली. समोरच्या घरात पडदा हलत होता. त्या घरी बावीस वर्षं मी दिवाळीचं ताट पाठवतेय.

ते असू दे. त्यांनी तुझ्या काकांना विचारलं, तुमच्या पत्नी पोस्टाने काय पाठवतात? त्र्यंबकराव म्हणाले, "मला काही माहीत नसतं. स्वयंपाकघर तिचं आहे." पत्ता स्वतःच्या हाताने घातला होता, माझ्याशेजारी बसून, पूड चाखून "जायफळ जास्त झालंय" असं म्हणून! आणि साहेबासमोर दोन पावलं मागे सरकले. अगदी खरोखर सरकले गं, मी बघितलं. चौतीस वर्षांचा संसार.

माझंही बोलणं बंद आहे. म्हणून तुला सल्ला द्यायला मी योग्य माणूस नाही. ह्यांनी रोज सकाळी माझा चहा करायला घेतलाय. मी पिते, पण चांगला झालाय म्हणत नाही.

एवढं मात्र सांगते. लुअ‍ॅनबद्दल मी तुला जे लिहिलं ते ती बाई कोण आहे हे माहीत नसताना लिहिलं. एकदाही न बघितलेल्या माणसावर मी आरोप ठेवला आणि तू तो खरा मानलास. आमच्या समोरच्या पडद्यामागची बाई आणि मी, दोघींत फार फरक नाही. हे लिहायला मला जड जातंय, पण लिहिते. प्रसादचं नंतर बघ. आधी तिच्याकडे जा.

दिवाळीला फराळ पाठवणार होते, आता कसली पाठवते. चिरोट्यांवर पिठीसाखर असते.

मावशी


अर्विंग
१८ नोव्हेंबर २००१

ती. मावशी,

तुझं पत्र मिळालं त्याच संध्याकाळी लुअ‍ॅनकडे गेले. दार उघडल्यावर मी एका दमात सगळं सांगितलं, फोन प्रसादने केला होता आणि मी तुमच्यावर संशय घेतला. त्यांनी सगळं दारातच उभं राहून ऐकलं. मग म्हणाल्या, "आय न्यू यू थॉट इट वॉज मी." मी सॉरी म्हणाले. त्यांनी मान हलवली आणि म्हणाल्या, "खरं सांगू का? ते पाकीट माझ्या हातात आलं असतं तर मीपण केला असता. तुझं नाव वाचून, तुझ्या आन्टीचं आहे हे माहीत असून. आणि तू कोण आहेस याचा रात्रभर विचार केला असता. म्हणून मी दाराशी येत होते. स्वतःची लाज वाटत होती."

बघ, म्हणजे तुझा संशय अगदीच खोटा नव्हता. पण तोंडावर सांगितल्यावर तो बोचेनासा झाला. आत बोलावलं, ट्रे परत दिले.

शुक्रवारी पाव सुटे करून सगळ्या घरभर पसरले, डायनिंग टेबल, सोफ्याचे हात, टीव्हीवरसुद्धा. प्रसाद आला, उभा राहून बघत राहिला. मग हात धुऊन तूप लावायला बसला.  वेलदोडे इथल्याच दुकानातून अख्खे आणले आणि लायब्ररीतल्या उल्काताईंच्या मिक्सरवर दळले, तुझ्यासारखं साखरेत. जायफळ किसून घातलं. काल सकाळी सातपासून ओव्हन लागला. पहिले दोन ट्रे मी घट्ट होईपर्यंत ठेवले आणि तू म्हणालीस तसं झालं, वाट लागली. बाकीचे सहा बरे झाले.

हॉलमध्ये दीडशे माणसं तरी असतील. आमचे ट्रे ब्राउनी आणि पीकन पाय या दोन गोडांच्या मधोमध. सगळे ओळीने आले, वाढून घेत गेले, आणि आमच्यापाशी आले की हसायचे, छान दिसतंय म्हणायचे आणि पुढे सरकायचे. सगळ्यांना माहीत होतं. कॉम्प्लेक्समधलीच निम्मी माणसं होती. लुअ‍ॅननी एक तुकडा घेतला, पण एकट्या त्यांच्या घेण्याने काय होणार. एका बाईने मुलाचा हात ट्रेपासून ओढून मागे घेतला, मला दिसणार नाही असं तिला वाटलं.

मला वाटलं ट्रे झाकावेत आणि घरी जावं. तेवढ्यात माझ्या शेजारी कोणीतरी येऊन उभं राहिलं. प्रसाद. भिंतीपाशी बसला होता, तिथून उठून टेबलाच्या आतल्या बाजूला आला. त्याने माझ्या हातातला डाव घेतला आणि पुढच्या माणसाला म्हणाला, "हाय. मी प्रसाद, हिचा नवरा. पोलिसांना फोन मी केला होता. माझ्याच बायकोच्या आन्टीची साखर होती ती."  आवाज मोठा होता, मागच्या ओळीत ऐकू गेला.  त्याच्या ऑफिसातलाही एकजण तिथे होता, मावशी. प्रसादला ते माहीत होतं.

मग फायर स्टेशनचा एक उंच माणूस ओळ सोडून आमच्याकडे आला. मी त्याला ओळखलं नाही, कसं ओळखणार, त्या दिवशी तोंडावर मास्क होता. तो म्हणाला, "ते पाकीट मी उचललं होतं. रिपोर्ट मी वाचलाय." आणि वळून सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, "फोक्स, या टेबलावर लॅबमधून तपासून आलेली पाककृती ही एकच आहे. त्या पीकन पायची गॅरंटी मी देत नाही."

कोणीतरी हसलं. मग बरेच हसले. तो ताट पुढे करून उभा राहिला, प्रसादने दोन मोठे तुकडे वाढले. त्याच्यामागे त्याचे सगळे सोबती आले. मग ती मुलाचा हात ओढणारी बाईही आली, माझ्याकडे न बघता. मी तिला कडेचा तुकडा दिला, तोच सगळ्यात चांगला असतो. सगळ्यांनीच खाल्लं असं नाही. बरेच नुसते हसले आणि पीकन पाय खायला गेले. वाया गेलेले दोन ट्रे सोडून एक ट्रे जवळजवळ भरलेला परत आला. तो फायर स्टेशनवाल्यांनी नेला.

घरी येताना गाडीत प्रसाद म्हणाला, "तेव्हाच पुढे यायला हवं होतं." मी म्हटलं, "हो." एवढंच. खिडकीबाहेर बघत बसले.

आज सकाळी तो आरशासमोर उभा होता. दाढी वाढवू का, असं त्याने मला विचारलं. मी म्हटलं, तुझा चेहरा, तू ठरव. पण कालचा तो "हो" सोडला तर पंधरा दिवसांत पहिल्यांदाच मी मीठ सोडून दुसरं काहीतरी बोलले. अजूनही काही बोलायच्या आधी तो माझ्या तोंडाकडे बघतो, अंदाज घेतो. बघू दे. काही दिवस बघू दे.

तुझी
अबोली